प्युरिटन धर्म आणि छापखाना: सतराव्या शतकातल्या न्यू इंग्लंडबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

प्युरिटन म्हणजे नेमके कोण? मेफ्लॉवर जहाजातून आले ते हेच का?

नाही, ही गफलत फार होते. १६२० मध्ये मेफ्लॉवरने प्लिमथला उतरलेले लोक इंग्लंडच्या अधिकृत चर्चपासून पूर्ण फारकत घेतलेले होते. १६३० मध्ये जॉन विन्थ्रॉपबरोबर मॅसॅच्युसेट्स बे वसाहतीत आले ते प्युरिटन. चर्च सोडायचे नाही, आतून शुद्ध करायचे, अशी त्यांची भूमिका होती. १६४० पर्यंत सुमारे २०,००० माणसे न्यू इंग्लंडला आली. दोन्ही गट धर्मसुधारक कॅल्व्हिनच्या शिकवणीतले. तारण ही देवाची निवड आहे आणि त्या निवडीच्या खुणा माणसाने पवित्र शास्त्र वाचून, प्रवचन ऐकून स्वतःच्या मनात शोधायच्या, ही श्रद्धा दोघांचीही होती. वाचन हा त्यांच्या धर्माचाच भाग होता. छापखान्याची गोष्ट तिथून सुरू होते.

अमेरिकेतला पहिला छापखाना त्यांचाच ना?

इंग्रजी वसाहतींतला पहिला म्हणा. मेक्सिको शहरात स्पॅनिशांचा छापखाना १५३९ मध्येच चालू झाला होता. आपल्या गोव्यात येशूसंघीयांनी १५५६ मध्ये छपाई सुरू केली, तीही मॅसॅच्युसेट्सच्या ८० वर्षांहून अधिक आधी.

मॅसॅच्युसेट्समध्ये छापखाना आणला कोणी?

जोस ग्लोव्हर नावाच्या पाळकाने. १६३८ मध्ये तो दाबयंत्र, खिळे (छपाईची सुटी धातूची अक्षरे) आणि कागद घेऊन निघाला आणि वाटेत जहाजावरच वारला. सोबत स्टीफन डे होता, त्याच्याशी ग्लोव्हरने करार केला होता. डे मूळचा कुलपे बनवणारा कारागीर. त्याचा मुलगा मॅथ्यू पुढे छापणारा म्हणून पुढे आला. यंत्र केंब्रिज गावात, नुकत्याच निघालेल्या हार्वर्ड कॉलेजच्या शेजारी बसवले. ग्लोव्हरच्या विधवेने, एलिझाबेथने, १६४१ मध्ये कॉलेजचा पहिला अध्यक्ष हेन्री डन्स्टर याच्याशी लग्न केले. त्यामुळे छापखान्याचा कारभार त्याच्याकडे गेला. १६४९ पासून सॅम्युएल ग्रीनने काम सांभाळले.

या छापखान्याचे हिशेब आज मिळतात ते एका भांडणामुळे. ग्लोव्हरच्या वारसांनी १६५६ मध्ये डन्स्टरवर दावा लावला आणि त्या साक्षींत आकडे आले.

सर्वांत आधी काय छापले?

१६३९ मध्ये एक एकपानी शपथपत्र आणि विल्यम पीअर्स या दर्यावर्दीने केलेले एक पंचांग. दोन्हींची एकही प्रत उरलेली नाही. १९८० च्या दशकात मार्क हॉफमनने त्या शपथपत्राची बनावट प्रत करून विकायचा प्रयत्न केला होता.

शपथपत्रच आधी का? १६३१ पासून या वसाहतीत मताचा हक्क फक्त चर्चच्या सभासदांना होता. ‘फ्रीमन’, म्हणजे मताचा हक्क असलेला नागरिक, होताना शपथ घ्यावी लागे. सभासद व्हायचे तर मंडळीसमोर उभे राहून आपल्या मनात देवाची कृपा कशी उतरली ते सांगावे लागे. केंब्रिजचा पाळक थॉमस शेपर्ड याने अशी पन्नासहून अधिक निवेदने स्वतःच्या वहीत उतरवून घेतली. त्यांत नोकर आहेत, विधवा आहेत, आणि बहुतेकजण कुठल्या वचनाने मन हलले ते नेमके सांगतात. शपथपत्र छापील आणि श्रद्धेचे निवेदन हस्तलिखित, पण एकाशिवाय दुसऱ्याला अर्थ नव्हता.

‘बे साम बुक’ इतके महत्त्वाचे का?

कारण उरलेल्यांतले ते सर्वांत जुने पुस्तक आहे. स्तोत्रसंहितेतल्या १५० स्तोत्रांचे हे छंदोबद्ध इंग्रजी भाषांतर १६४० मध्ये छापले. आधीची भाषांतरे गाण्यासाठी मूळ हिब्रूपासून फार सैल झाली आहेत, असे पाळकांचे म्हणणे होते. देवाच्या वेदीला आमच्या पॉलिशची गरज नाही, असे प्रस्तावनेत म्हटले आहे. ओळी कधी कधी ओबडधोबड लागतात, पण ते अज्ञानाने नव्हे. शब्द मुळाशी प्रामाणिक ठेवणे ही त्यांच्या लेखी भक्तीच होती.

आकडे असे: १,७०० प्रती, प्रत्येकी १४८ पाने, किंमत २० पेन्स. म्हणजे सगळ्या प्रती खपल्यावर १४१ पौंड १३ शिलिंग ४ पेन्स. छपाई ३३ पौंड आणि कागद २९ पौंड वजा जाता ७९ पौंड १३ शिलिंग ४ पेन्स नफा. आज अकरा प्रती ठाऊक आहेत. बोस्टनच्या ओल्ड साउथ चर्चच्या मालकीच्या दोन प्रतींपैकी एक २०१३ च्या नोव्हेंबरमध्ये लिलावात सुमारे १ कोटी ४२ लाख डॉलरना गेली.

एवढे पुस्तक छापायला किती काम पडत असेल?

हिशेब मांडूनच बघा. पुस्तक चौपानी आकाराचे, म्हणजे एका तावाला दोन घड्या घालून चार पाने (आठ पृष्ठे). १४८ भागिले ४, म्हणजे ३७ ताव. ३७ गुणिले १,७०० म्हणजे ६२,९०० ताव, आणि प्रत्येक ताव दोन्ही बाजूंनी छापायचा म्हणून १,२५,८०० छाप. दोन माणसांची सराईत जोडी ताशी २०० छाप काढते असे धरले तर ६२९ तास होतात. दहा तासांचा दिवस, रविवारी काम पूर्ण बंद, म्हणजे साडेदहा आठवडे नुसते यंत्र ओढण्यात. खिळे जुळवणे, मुद्रिते तपासणे, खिळे परत खणांत टाकणे वेगळेच. आणि इथे तर सराईत जोडीही नव्हती.

एक फर्मा (तावाच्या एका बाजूची जुळवलेली पाने) कसा छापत? आणि काय बिघडत असे?

कागद आदल्या दिवशी भिजवावा लागे. थोडे ताव पाण्यातून काढायचे, मध्ये कोरडे ठेवायचे आणि वर वजन देऊन रात्रभर ओल सारखी होऊ द्यायची. ओल जास्त झाली तर अक्षर फुटते. कमी पडली तर कागद शाई धरत नाही आणि छाप करडा येतो.

जुळारी हातातल्या पट्टीत एकेक खिळा उलटा धरून डावीकडून उजवीकडे लावतो, ओळ भरली की शब्दांमध्ये कोरे खिळे घालून ती घट्ट करतो. अशा ओळींची पाने करून ती लोखंडी चौकटीत आवळतात. चौकट सैल राहिली तर उचलताना सगळे खिळे सांडतात आणि दिवसाचे काम वाया जाते. ‘एन’ आणि ‘यू’ हे खिळे उलटे लागण्याची चूक त्या काळच्या पुस्तकांत सर्रास दिसते, कारण डोळ्याला दोन्ही सारखेच भासतात. वापरलेले खिळे परत टाकताना चुकीच्या खणात पडले तर पुढच्या पुस्तकात नवी चूक तयार.

शाई म्हणजे जवसाचे तेल उकळून घट्ट केलेले आणि त्यात काजळी. लोकर किंवा केस भरलेल्या दोन चामडी गोळ्यांनी ती थापायची. थंडीत ती चिकट होते, आणि मॅसॅच्युसेट्सची थंडी साधी नाही. एकजण शाई लावतो, दुसरा कागद ठेवून दांडा ओढतो. दाबाची पाटी अर्ध्याच तावाएवढी असल्याने एका बाजूसाठी सहसा दोनदा ओढावे लागे. ताव उलटल्यावर मागची बाजू पुढच्या बाजूवर तंतोतंत बसावी म्हणून कागदाला टाचण्यांची भोके पाडत. ती चुकली की समास वाकडा.

सर्वांत मोठी अडचण खिळ्यांच्या तुटवड्याची. कागद आणि खिळे दोन्ही इंग्लंडहून येत. इंग्रजी वसाहतींतला पहिला कागद कारखाना १६९० मध्ये पेनसिल्व्हेनियात निघाला. अख्खे पुस्तक जुळवून ठेवण्याएवढे खिळे कोणाकडेच नसत. म्हणून एक फर्मा छापला की खिळे सोडून पुढचा जुळवायचा. चूक छपाई चालू असताना दिसली तर यंत्र थांबवून सुधारत, पण आधी निघालेले ताव फेकत नसत, कारण कागद महाग. त्यामुळे एकाच आवृत्तीच्या दोन प्रतींतही मजकूर वेगळा सापडतो. दोन प्रती जुळत नाहीत म्हणून एक बनावट ठरवू नका.

‘बे साम बुक’मध्ये पानांच्या डोक्यावरचा ‘साम’ हा शब्द डावीकडे एका स्पेलिंगने आणि उजवीकडे दुसऱ्याने आहे. शेवटी शुद्धिपत्र आहे आणि बाकीच्या चुका वाचकाने स्वतः सुधाराव्यात अशी विनंती.

पुस्तकात चाली आहेत का?

सुरुवातीच्या आवृत्त्यांत नाहीत. स्वरलिपी १६९८ च्या नवव्या आवृत्तीत आली. तोवर एकजण ओळ म्हणे आणि मंडळी ती मागे गाई. ज्यांच्याकडे पुस्तक नाही किंवा वाचता येत नाही तेही गाऊ शकत. कीर्तनात मागे धरणाऱ्यांना हे सांगायला नको.

तिथे सगळ्यांना वाचता येत होते का?

वाचता येणे आणि लिहिता येणे या दोन वेगळ्या गोष्टी होत्या. आधी वाचन शिकवत, लिहिणे नंतर आणि बऱ्याचदा फक्त मुलग्यांना. इतिहासकार मृत्युपत्रांवरच्या सह्या मोजून साक्षरतेचा अंदाज काढतात. त्या मोजणीत सहीऐवजी खूण करणारी बाई निरक्षर ठरते, पण ती रोज पवित्र शास्त्र वाचत असू शकते. न्यू इंग्लंडच्या बायकांबद्दल असे आकडे वाचताना ही गोष्ट विसरू नये.

कायदा स्पष्ट होता. १६४२ मध्ये आईबाप आणि मालक यांच्यावर मुलांना व उमेदवारांना वाचायला शिकवण्याची जबाबदारी टाकली. १६४७ च्या कायद्याने ५० घरांच्या गावाने वाचन-लेखन शिकवणारा नेमावा आणि १०० घरांच्या गावाने लॅटिन शाळा काढावी असे ठरले. लोकांना शास्त्रापासून दूर ठेवणे हा सैतानाचा जुना डाव आहे, असे कारण कायद्यातच लिहिले आहे.

शिकण्याचा क्रम ठरलेला: शिंगाच्या पातळ पापुद्र्याखाली मुळाक्षरे आणि प्रभूची प्रार्थना असलेली लाकडी पाटी, मग अंकलिपीसारखी प्राथमिक पोथी, मग स्तोत्रे, नवा करार आणि शेवटी संपूर्ण पवित्र शास्त्र. सर्वांत गाजलेली पोथी, ‘न्यू इंग्लंड प्रायमर’, बेंजामिन हॅरिसने १६८७ ते १६९० च्या दरम्यान बोस्टनला काढली. हाती असलेली सर्वांत जुनी प्रत मात्र १७२७ ची आहे, मधल्या पिढ्यांनी आधीच्या प्रती वापरून संपवल्या.

तिथे छापलेले पहिले बायबल इंग्रजीत का नव्हते?

इंग्रजी बायबल छापण्याचा हक्क राजाच्या मुद्रकाकडे होता. वसाहतीत ते छापणे बेकायदा ठरले असते, आणि लंडनहून आणणे स्वस्तही पडे. अमेरिकेत पूर्ण इंग्रजी बायबल निघाले ते १७८२ मध्ये, स्वातंत्र्ययुद्धाच्या अखेरीस, फिलाडेल्फियाला.

केंब्रिजला १६६३ मध्ये छापले गेले ते तिथल्या मूळ रहिवाशांच्या भाषेत, मॅसॅच्युसेट या आल्गोंक्वियन भाषेत. पाळक जॉन इलियट याच्या नावाने ते ओळखतात. १६६१ मध्ये नव्या कराराच्या १,५०० प्रती निघाल्या, मग पूर्ण ग्रंथाच्या हजारावर. पृष्ठे सुमारे १,२००. पैसा, कागद आणि मार्मड्यूक जॉन्सन हा कसबी मुद्रक लंडनच्या धर्मप्रसार मंडळाने पाठवला. अमेरिका खंडात कोणत्याही भाषेत छापलेले हे पहिले पूर्ण बायबल.

एकट्या इलियटने हे केले असे लिहिणे बरोबर नाही. कॉकनो, जॉन सॅसामन, जॉब नेसुटन या मूळ रहिवाशांनी त्याला भाषा शिकवली आणि भाषांतर घडवले. जुळणीची अडचण वेगळीच: इंग्रजीसाठी ओतलेल्या संचात अक्षरांचे प्रमाण इंग्रजीचे असते. मॅसॅच्युसेट शब्द लांबलचक आणि त्यांत ‘के’सारखी अक्षरे पुन्हापुन्हा येतात. शिवाय ‘ऊ’ सारख्या स्वरासाठी दोन ‘ओ’ जोडलेले खास चिन्ह वापरले.

ते खिळे जुळवले कोणी?

निपमक या मूळ रहिवासी जमातीच्या वोवाउस या तरुणाने, इतरांबरोबर. इंग्रज त्याला जेम्स प्रिंटर म्हणत. धंदाच आडनाव झाला. १६५९ पासून तो ग्रीनकडे उमेदवारी करत होता. छापखाना तेव्हा हार्वर्डच्या आवारातल्या इंडियन कॉलेजच्या विटांच्या इमारतीत होता. त्या आवारातल्या उत्खननात शिशाचे खिळे सापडले आहेत.

१६७५ मध्ये मूळ रहिवाशांचा नेता मेटाकॉम याचे इंग्रजांशी युद्ध पेटले. ख्रिस्ती झालेल्या शेकडो मूळ रहिवाशांना इंग्रजांनी बोस्टन बंदरातल्या डिअर बेटावर कोंडले आणि त्यांतले पुष्कळ भुकेने व थंडीने मेले. बायबलच्या बहुतेक प्रती त्या युद्धात नष्ट झाल्या. जेम्स निपमकांच्या बाजूला गेला आणि १६७६ मध्ये अभय मिळाल्यावर परतला. तो स्वखुशीने गेला की ओढला गेला, याचा निवाडा त्याच्या मालकांच्या शब्दांवरून करू नये. दुसरी आवृत्ती १६८५ मध्ये पुरी झाली. ती छापताना इलियटने लंडनला कळवले की समजून-उमजून जुळवणारा आणि तपासणारा माणूस आपल्याकडे हा एकच आहे. १७०९ च्या एका स्तोत्रग्रंथाच्या मुखपृष्ठावर त्याचे नाव मुद्रक म्हणून आले. पन्नास वर्षांनी!

हाच ग्रंथ आज, ही भाषा ज्यांची त्या वाम्पानोग लोकांच्या कामी आला आहे. बोलणारे कोणी उरले नसताना जेसी लिटल डो बेअर्ड यांनी १९९३ पासून सुरू केलेल्या प्रकल्पाने या छापील मजकुरातून आणि जुन्या कागदपत्रांतून व्याकरण व कोश उभा केला. मुले आता ती भाषा शिकतात. केंब्रिजच्या छापखान्यातून निघालेल्या सगळ्या कागदांत आम्हाला हा कागद सर्वांत मोलाचा वाटतो.

लोक खरोखर विकत काय घेत?

पंचांग. दरवर्षी नवे लागे. सोळा पृष्ठांचे, एका तावात बसणारे, बहुधा हार्वर्डच्या नुकत्याच पदवी घेतलेल्या तरुणांनी गणित केलेले. पुष्कळ पंचांगांत महिन्यांची रोमन देवतांवरून पडलेली नावे टाळून नुसते क्रमांक देत. संतांचे सण गाळलेले. १६५९ च्या पंचांगात झेकराया ब्रिग्डेनने कोपर्निकसचे सूर्यकेंद्री मत समजावून सांगितले आणि पाळकांनी त्यावर गहजब केला नाही. लोक मध्ये कोरी पाने शिवून त्यांवर रोजनिशी लिहीत.

दुसरी मोठी विक्री मायकल विगल्सवर्थच्या न्यायाच्या दिवसावरच्या कवितेची. १६६२ मध्ये २२४ कडवी, १,८०० प्रती, वर्षभरात खलास. मुले ती पाठ करत. बाकी बहुतेक पुस्तके लंडनचीच, बोस्टनच्या हेझेकाया अशर यांच्यासारख्या विक्रेत्यांनी मागवलेली. स्थानिक छापखाना बंद पडला असता तरी प्युरिटनांचे वाचन थांबले नसते.

प्रवचने छापील होती की तोंडी?

आधी तोंडी. रविवारी दोन आणि आठवड्यात एक व्याख्यान. ठरलेला साचा होता: वचन, त्याचा अर्थ, त्यातून निघणारा सिद्धान्त, कारणे आणि शेवटी ‘उपयोग’, म्हणजे ऐकणाऱ्याने काय करायचे. या साच्यामुळे टिपणे घेणे सोपे जाई. श्रोते लघुलिपीत लिहून घेत आणि घरी पुन्हा वाचत. काही प्रवचने अशा टिपणांवरूनच छापली गेली, कधी पाळकाला न विचारता. छापील प्रवचनात तुटक वाक्ये दिसली तर आधी ही शक्यता तपासा.

सरकार छपाईवर लक्ष ठेवत होते का?

हो. १६६२ मध्ये डॅनियल गुकिन आणि जोनाथन मिचेल यांना परवाना अधिकारी नेमले. १६७४ पर्यंत केंब्रिजबाहेर यंत्र चालवायला बंदी होती. विल्यम पिंचनचे लंडनला छापलेले धर्मशास्त्रावरचे पुस्तक १६५० मध्ये बोस्टनच्या बाजारात जाळले. राजेशाहीविरुद्ध वाटेल असे इलियटचेही एक पुस्तक १६६१ मध्ये दडपले. बेंजामिन हॅरिसचे वर्तमानपत्र २५ सप्टेंबर १६९० ला निघाले आणि एका अंकात बंद झाले. त्याचे चौथे पान कोरे होते, वाचकाने आपली बातमी लिहून पुढे पाठवावी म्हणून.

तुलनेसाठी: व्हर्जिनियाचा गव्हर्नर बर्कली याने १६७१ मध्ये आपल्याकडे मोफत शाळा आणि छपाई नाही याबद्दल देवाचे आभार मानले. प्युरिटनांना छपाई ताब्यात हवी होती, पण हवी होती.

सेलमच्या चेटूक खटल्यांत छपाईचा वाटा काय?

१६९२ मध्ये १९ जणांना फाशी झाली आणि एकाला दगडांखाली चिरडून मारले. गव्हर्नर फिप्सने यावर छापायला मनाई केली, तरी कॉटन मॅथरचे खटल्यांचे समर्थन करणारे पुस्तक मात्र सरकारी सांगण्यावरून निघाले. विरोधी पुस्तिकेवर छपाईचे ठिकाण खोटे, फिलाडेल्फिया, घातले होते. रॉबर्ट कॅलेफची कडक टीका १७०० मध्ये लंडनला छापावी लागली. कोणी काय म्हटले याइतकेच ते कुठे छापले हेही पाहावे.

या सगळ्याचा महाराष्ट्राशी काही संबंध?

आहे. प्युरिटनांच्या वारस मंडळ्यांनी १८१० मध्ये मॅसॅच्युसेट्समध्ये परदेशी मिशनचे मंडळ काढले. त्याचे गॉर्डन हॉल आणि सोबती १८१३ मध्ये मुंबईला आले आणि काही वर्षांतच मराठी छपाई सुरू झाली. अहमदनगरचे ‘ज्ञानोदय’ १८४२ चे, त्याच मिशनचे. अमेरिकन मिशनच्या छपाईवरूनच गणपत कृष्णाजींनी आपला छापखाना उभारला आणि १८३१ मध्ये छापील मराठी पंचांग काढले.

मूळ पानाचे छायाचित्र वाचताना काय सांभाळावे?

लांब ‘एस’ हा ‘एफ’सारखा दिसतो, पण त्याची आडवी रेघ दांड्यापलीकडे जात नाही, किंवा नसतेच. ‘यू’ आणि ‘व्ही’ एकमेकांच्या जागी येतात. ‘वाय’वर छोटा ‘ई’ असेल तर तो ‘द’ असा वाचायचा.

तारखा: वर्ष २५ मार्चला बदले, जसे आपले शक चैत्रात बदलते. त्यामुळे जानेवारी १६३८/३९ असे दुहेरी लिहिलेले असेल तर आपल्या हिशेबाने १६३९. हे १७५२ पर्यंत चालले.

आकार ओळखायचा तर पान उजेडासमोर धरून कागदातल्या विरळ, रुंद रेषा बघा. चौपानीत त्या आडव्या असतात आणि जलचिन्ह शिवणीच्या मध्यावर दुमडलेले असते. आठपानीत रेषा उभ्या आणि जलचिन्ह आतल्या वरच्या कोपऱ्यात. छायाचित्रात यातले काही दिसत नाही, म्हणून पानाच्या तळाचे फर्म्याचे अक्षर आणि पुढच्या पानाचा पहिला शब्द हे दोन्ही टिपून ठेवा. तो शब्द पुढच्या पानाशी जुळला नाही तर मधले पान गहाळ असू शकते, किंवा जुळाऱ्याकडून चूक झालेली असते.